खून अख्ख्या गावाला माहीत असतो, मग कोर्टात कुणीच कसं काय पाहिलेलं नसतं?

नगर जिल्ह्यातल्या (आता अहिल्यानगर म्हणायचं) तीन खटल्यांचे निकाल दोन-अडीच महिन्यांच्या आत लागले होते, नोव्हेंबर २०१७ ते जानेवारी २०१८. तेव्हा प्रत्येक निकालावर वेगवेगळी चर्चा झाली, ज्याला जो जवळचा वाटला तो त्याच्यावर बोलला, पण तिन्ही शेजारी ठेवून बघितलेलं मी तरी फारसं कुठं वाचलं नाही. मला वाटतं ते शेजारी ठेवल्याशिवाय आपल्याकडं खुनाचा न्याय कुणाला मिळतो आणि कुणाला मिळत नाही हे कळणारच नाही.

पहिला खर्ड्याचा. जामखेड तालुका, एप्रिल २०१४, सतरा वर्षांचा दलित मुलगा. वरच्या समजल्या जाणाऱ्या जातीतल्या मुलीशी बोलतो म्हणून त्याला मारून झाडाला लटकवलं अशी केस होती. २३ नोव्हेंबर २०१७ ला सगळे आरोपी निर्दोष सुटले, कारण कोर्टात एकामागून एक साक्षीदार फितूर झाले. पोलिसांपुढं जे बोलले ते कोर्टात "मला काही माहीत नाही" म्हणाले.

दुसरा कोपर्डीचा. कर्जत तालुका, जुलै २०१६, शाळकरी मुलीवर बलात्कार आणि खून. खर्ड्याच्या निकालानंतर आठवडाभरातच, २९ नोव्हेंबरला, त्याच नगरच्या कोर्टात तिघांना फाशीची शिक्षा झाली. तिथं गाव, भावकी, पाठोपाठ राज्यभरचा समाज त्या मुलीच्या घरामागं उभा राहिला, लाखांचे मूक मोर्चे निघाले. उभं राहायलाच पाहिजे होतं, त्यात काडीचंही चूक नाही.

तिसरा सोनईचा. नेवासा तालुका, जानेवारी २०१३, सफाईचं काम करणारी तीन तरुण पोरं, एकाचं प्रेमप्रकरण. संडासाची टाकी साफ करायच्या बहाण्यानं बोलावून तिघांना मारलं. हा खटला मात्र नगरला चालला नाही, साक्षीदारांवर दबाव येईल म्हणून तो आपल्या नाशिकला हलवला, सरकारतर्फे उज्ज्वल निकम उभे राहिले आणि जानेवारी २०१८ मध्ये नाशिकच्या सेशन कोर्टानं सहा जणांना फाशी सुनावली. पुढं अपिलं झाली तो वेगळा विषय. (फाशी असावी की नसावी यावर माझं मत वेगळं आहे, पण आज तो मुद्दा नाही. दोष सिद्ध होणं हा मुद्दा आहे.)

आता बघा. जिल्हा एक, पोलीस दल एक, कायदा एक. खर्डा आणि सोनई दोन्हीकडं मेलेली पोरं गावातल्या सगळ्यात दुबळ्या घरांतली. सोनईचा खटला शिक्षेपर्यंत गेला, खर्ड्याचा गेला नाही. सोनईत पुरावा परिस्थितीजन्य होता हे खरं, तपास वेगळा, वकील वेगळे हेही खरं, सगळं श्रेय एकट्या बदलीला देता येणार नाही हे मी मान्य करतो. पण साक्षीदार ज्या कोर्टात उभा राहणार त्या कोर्टाच्या बाहेर कोण उभं असणार, हा फरक लहान नाही. आणि कोपर्डीत गाव आणि साक्षीदार एकाच बाजूला होते, त्यामुळं तिथं साक्ष देणाऱ्याला संध्याकाळी घरी परत जायची भीती नव्हती.

माझं म्हणणं एवढंच आहे. जिथं सगळे सगळ्यांना ओळखतात तिथं पुरावा कमी नसतो, उलट शहरापेक्षा जास्तच असतो. कुणाची मोटरसायकल रात्री कुठं उभी होती, कोण दोन दिवस घरी नव्हतं, कुणी कपडे धुतले, कुणाचं कुणाशी काय वाकडं आहे, हे पोलिसांची गाडी यायच्या आत पारावर बोलून झालेलं असतं. तो पुरावा बाहेर येणार की नाही हे मात्र नात्यांवर ठरतं. आणि बोलायची किंमत आपण साक्षीदाराच्या एकट्याच्या माथी मारतो, सरकार त्यातला एक पैसाही उचलत नाही, वर त्यालाच भित्रा म्हणतो.

ही किंमत म्हणजे नेमकं काय, ते शहरातल्या माणसाला कळत नाही म्हणून जरा सविस्तर लिहितो. आपल्याकडं निफाड, दिंडोरी, चांदवडच्या पट्ट्यात राहणाऱ्याला विचारा. धमकी वगैरे नंतरची गोष्ट झाली, कुणी हातात कोयता घेऊन दारात येत नाही बहुतेक वेळा. होतं असं की कांद्याच्या लागणीला टोळी येत नाही. द्राक्षाच्या छाटणीला मजूर मिळत नाहीत, औषध मारायला ट्रॅक्टर मागितला तर "आज नाही, उद्या बघू" आणि तो उद्या येतच नाही. शेतात जायचा रस्ता दुसऱ्याच्या बांधावरून असतो, तो एक दिवस नांगरलेला दिसतो. सोसायटीचं कर्ज नवं-जुनं करायचं असतं, तिथं चेअरमन कोण तर आरोपीचा चुलता. मजुरी करणाऱ्याचं तर अजूनच सरळ, त्याला कुणी कामाला बोलवत नाही, दुकानदार उधारी बंद करतो, की झालं. आणि पोरीची सोयरीक. पाहुण्यांनी गावात चौकशी केली की एक वाक्य पुरतं, "ते कोर्टकचेरीवालं घर आहे". यातल्या एकाही गोष्टीचा गुन्हा दाखल करता येईल का सांगा. ट्रॅक्टर दिला नाही म्हणून पोलिस स्टेशनला जाणार का? मग तो माणूस तीन-चार वर्षांनी समन्स आल्यावर कोर्टात काय बोलणार हे आपल्याला आधीच माहीत असायला पाहिजे.

त्यात आपली पद्धत बघा. पोलिस जो जबाब घेतात त्यावर साक्षीदाराची सही नसते, कायद्यानंच नसते, आणि कोर्टात त्या जबाबाची किंमत स्वतंत्र पुरावा म्हणून जवळजवळ शून्य. मॅजिस्ट्रेटपुढं शपथेवर जबाब घेता येतो, जुन्या फौजदारी प्रक्रिया कायद्यातलं कलम १६४, आता त्याच्या जागी आलेल्या बीएनएसएसमध्ये १८३. नुसत्या त्या जबाबावर शिक्षा होत नाही हे खरं, पण माणूस पहिल्या आठवड्यात, मनावर घाव ताजा असताना जे बोलला ते नोंदलं जातं आणि नंतर त्याच्या मागं लागणाऱ्यांनाही कळतं की आता फिरवणं सोपं नाही. हे कितीतरी केसमध्ये उशिरा होतं किंवा होतच नाही. कोर्टाच्या आवारात तर अजून वाईट. तालुक्याच्या कोर्टात कधी तारखेला गेला असाल तर बघितलं असेल, ज्या झाडाखाली साक्षीदार बसलाय त्याच झाडाखाली आरोपीचे भाऊ बसलेले असतात, चहाची टपरी एक, नळ एक, गावाकडं परत जायची एसटीसुद्धा एकच. तारीख पडली की पुन्हा तेच. अशा माणसाला आपण "निर्भयपणे सांगा" म्हणतो.

आता आपल्या गावची, म्हणजे नाशिक शहरातली गोष्ट. जून २०१३. एका तरुणीनं जातीबाहेर लग्न केलं होतं, ती गरोदर होती, दिवस भरत आलेले. बापानं बहाणा करून तिला रिक्षातून नेलं आणि गळा आवळून मारलं. गंगापूर रोडच्या भागात, कुठल्या आडवाटेला नाही. हे कुटुंब भटक्या जमातीतलं, आणि जातपंचायतीच्या दबावाचा विषय तेव्हा पहिल्यांदा एवढा उघड्यावर आला. या केसमध्ये रिक्षावाल्याची साक्ष महत्त्वाची ठरली. नाशिकच्या कोर्टानं २०१७ ला बापाला फाशी दिली, २०१९ ला हायकोर्टानं कायम केली आणि ऑक्टोबर २०२४ मध्ये सुप्रीम कोर्टानं ती बदलून वीस वर्षं सक्तमजुरी केली.

गळा आवळणारे हात एकाचे होते, त्याला शिक्षा झाली. पण "जातीत तोंड दाखवायला जागा राहिली नाही" हे ज्या व्यवस्थेनं त्याच्या डोक्यात घातलं तिला पकडायला तेव्हा धड कायदाच नव्हता. त्या घटनेनंतर अंनिसनं (अंधश्रद्धा निर्मूलन समितीनं) इथून जातपंचायतीला मूठमाती अभियान उभं केलं, नाशिकचे कृष्णा चांदगुडे आजही ते काम नेटानं करतायत, आणि डॉ. नरेंद्र दाभोलकर त्याच ऑगस्टमध्ये या विषयाच्या परिषदेसाठी नाशकात येऊन गेले होते. २० ऑगस्टला पुण्यात त्यांचाच खून झाला. त्या खटल्याचा निकाल यायला मे २०२४ उजाडलं, गोळ्या झाडणाऱ्या दोघांना जन्मठेप झाली, बाकी तिघे सुटले. कट कुणाचा होता या प्रश्नाला अजून उत्तर नाही.

या सगळ्यातून महाराष्ट्रानं सामाजिक बहिष्काराविरुद्धचा कायदा केला, २०१६ चा, जुलै २०१७ पासून लागू, असा स्वतंत्र कायदा करणारं आपण पहिलं राज्य. तीन वर्षांपर्यंत कैद, एक लाखापर्यंत दंड. आपण या कायद्याकडं फक्त लग्न आणि जातपंचायतीच्या दंडापुरतं बघतो. मला वाटतं हा साक्षीदार वाचवायचा कायदा म्हणून वापरला पाहिजे. स्वतःच्या जातीतल्या आरोपीविरुद्ध साक्ष दिली म्हणून जातीनं वाळीत टाकलं तर हा कायदा, आणि दलित-आदिवासी कुटुंबावर दुसऱ्यांनी बहिष्कार टाकला तर ॲट्रॉसिटी कायदा, त्यात २०१५ च्या दुरुस्तीनं सामाजिक आणि आर्थिक बहिष्कार हा स्वतंत्र गुन्हाच केलाय. म्हणजे वर मी जे टोळी, दुकान, रस्ता सांगितलं, ते ठरवून केलेलं असेल तर त्याला उत्तर कागदावर आहे. पण खुनाचा तपास करणारा अधिकारी खुनाच्या कलमापलीकडं बघत नाही, त्याच्या दृष्टीनं हे "गावातलं राजकारण". मला विचाराल तर त्या खुनाचा तपास या राजकारणाच्या तपासाशिवाय पुराच होत नाही, कारण साक्षीदार याच राजकारणात मारले जातात, जिवंतपणी.

इथपर्यंत वाचून कुणी म्हणेल की तुम्ही गावाला आरोपीच्या पिंजऱ्यात उभं केलं, आणि साक्षीदाराच्या प्रत्येक शब्दाला खरं मानायला निघालात. नाही. जवळच्या समाजात खरं दाबलं जातं तसं खोटंही रचलं जातं, ही बाजू मला तितकीच महत्त्वाची वाटते. भावकीच्या भांडणात खून झाला की फिर्यादीत दोन नावं खरी आणि चार जुन्या हिशोबाची, हे ग्रामीण भागात वकिली करणारा कुणीही सांगेल. आणि जो गावाचा नाहीच त्याचं काय होतं याचं उदाहरण तर नाशिकचंच आहे, दुर्दैवानं.

५ जून २००३. नाशिकजवळ बेलतगव्हाणला पेरूच्या बागेतल्या झोपडीत राहणाऱ्या कुटुंबावर रात्री हल्ला झाला, पाच जणांचा जीव गेला, बायकामुलींवर अत्याचार झाले. वाचलेल्या आईनं दोनच दिवसांत पोलिसांच्या अल्बममधल्या फोटोंवरून चार जण ओळखले. त्या चौघांचा तपास झालाच नाही. पकडले ते भटक्या जमातीतले दुसरेच सहा जण. २००६ मध्ये नाशिकच्या कोर्टानं फाशी दिली, हायकोर्टानं तिघांची जन्मठेप केली, २००९ मध्ये सुप्रीम कोर्टानं सहाही जणांना फाशी परत सुनावली, आणि मग २०१९ च्या मार्चमध्ये त्याच सुप्रीम कोर्टानं आपला निकाल मागं घेऊन सगळ्यांना निर्दोष सोडलं. सोळा वर्षं गेली. त्यांच्यातला एक तर घटनेच्या वेळी अल्पवयीन होता. कोर्टानं प्रत्येकाला पाच लाख भरपाई द्यायला सांगितली आणि तपास करणाऱ्यांवर कारवाई बघायला सांगितली.

या सहा जणांच्या बाजूनं कोण बोललं असतं? त्यांची ना पतसंस्था ना भावकी, ना पोलीस पाटील ओळखीचा. ज्यांचं कुठलंच गाव नाही अशी माणसं. भयंकर गुन्हा झाल्यावर सगळ्यांनाच पटकन कुणीतरी हवा असतो, आणि ज्याला कुणी ओळखत नाही तो सगळ्यात सोपा. अशाच संशयातून २०१८ मध्ये शेजारच्या धुळ्यात, राईनपाड्याला, मुलं पळवणारे समजून डवरी गोसावी समाजाच्या पाच जणांना जमावानं ठेचून मारलं. बेलतगव्हाणच्या केसमध्ये मला सगळ्यात जास्त त्रास देणारी गोष्ट ही आहे की त्या आईनं तिचं काम केलं होतं. घरची माणसं गमावून, स्वतः जखमी असताना तिनं चेहरे दाखवले होते. साक्षीदार फितूर झाला नव्हता तिथं. पोलिसांनीच तिची पहिली साक्ष बाजूला ठेवली आणि कोर्टापुढं नीट येऊ दिली नाही. म्हणजे तिलाही न्याय नाही आणि त्या सहा जणांनाही नाही.

म्हणून पहिल्या दिवसांतले जबाब मॅजिस्ट्रेटपुढं नोंदवा आणि कुठलाच कागद दाबून ठेवता येणार नाही अशी सोय करा, ही मागणी फक्त फिर्यादीच्या बाजूची नाही, आरोपीच्याही बाजूची आहे. नव्या कायद्यात सात वर्षांपासून पुढच्या शिक्षेच्या गुन्ह्यात फॉरेन्सिकवाल्यांनी घटनास्थळी जाणं आणि सगळ्याच गुन्ह्यांत झडती-जप्तीचं व्हिडिओ शूटिंग आलंय, हे चांगलं झालं, त्यामुळं गावातल्याच दोन पंचांना धरून आणून पंचनाम्यावर सह्या घ्यायच्या आणि तीन वर्षांनी त्यांनी "कोऱ्या कागदावर सही घेतली" म्हणायचं हा प्रकार तरी कमी होईल. पण मशीन सगळं सांगत नाही. भांडण कशावरून झालं, पोरीला आधी काय काय बोललं गेलं, मुलाला कुणी कुठं दम दिला, हे माणूसच सांगणार, आणि तो माणूस तिथंच राहणारा असणार.

साक्षीदार संरक्षणाची योजना आहे का, तर आहे. डिसेंबर २०१८ मध्ये सुप्रीम कोर्टानं ती देशभर लागू केली. जिल्हा न्यायाधीश अध्यक्ष, जिल्ह्याचे पोलिस प्रमुख सदस्य, सरकारी वकिलांचे प्रमुख सदस्य सचिव अशी समिती, पोलिसांनी धोक्याचा अहवाल द्यायचा, मग समिती ठरवणार की घराभोवती पोलिस द्यायचा, दुसरीकडं राहायची सोय करायची की व्हिडिओवरून साक्ष घ्यायची. ॲट्रॉसिटी कायद्यात कलम १५अ मध्ये तर साक्षीदाराचं पुनर्वसन, प्रवासखर्च, निर्वाहखर्च सगळं हक्क म्हणून लिहिलंय. मग अडतं कुठं? साक्षीदारानं, त्याच्या घरच्यांनी, वकिलानं किंवा पोलिसांनी अर्ज करायचा असतो, आपोआप काही होत नाही, इथं अडतं. तिसरीपर्यंत शिकलेला शेतमजूर, त्याला ही समिती आहे हेच माहीत नाही, तो अर्ज कुठं करणार आणि केला तर तो अर्ज ज्या उपविभागीय पोलिस अधिकाऱ्याकडं अहवालासाठी जाणार तिथल्या हवालदाराच्या ओळखीनंच बातमी गावात पोचणार. शिवाय संरक्षण एका वेळी तीन महिन्यांचं, खटला वर्षानुवर्षांचा. आणि धोका मोजताना जिवाला, सुरक्षिततेला, अब्रूला किंवा मालमत्तेला धोका आहे का, धमकावणं आहे का हे बघतात. रोजगार तुटला, वाट बंद झाली, पोरीचं लग्न मोडलं हे धोक्यात कोण धरतं?

माझं मत स्पष्ट आहे, कुणाला टोकाचं वाटलं तरी. खुनात जातीचा, जातपंचायतीचा किंवा गावातल्या सत्तेच्या घराण्याचा संबंध दिसतोय म्हटल्यावर साक्षीदाराच्या अर्जाची वाट न बघता संरक्षणाचा विचार आपोआप सुरू झाला पाहिजे, दोषारोपपत्र दाखल करतानाच अधिकाऱ्यानं लिहून द्यावं की कुठला साक्षीदार कुणाच्या रोजगारावर, कुणाच्या पाण्यावर, कुणाच्या रस्त्यावर अवलंबून आहे. हे लिहायला त्याला दोन दिवस लागतील, गावात सगळ्यांना ते माहीतच असतं. आणि खटला दुसऱ्या जिल्ह्यात न्यायचा का हा प्रश्न सुरुवातीलाच कोर्टापुढं ठेवावा. आज ज्याच्यामागं संघटना आहे, ज्याची केस टीव्हीवर गाजली, त्याचाच खटला हलतो. बाकीच्यांनी काय करायचं?

यावर एक आक्षेप खरा आहे, आणि तो मला वकील मित्रांनी बोलून दाखवलाय, की खटला लांब नेला की गरीब साक्षीदाराचेच हाल होतात, रोज बुडतो, प्रवास, रात्री कुठं राहायचं. मान्य. आरोपीच्या घरच्यांचेही हाल होतात आणि तो निर्दोष असू शकतो हेही मान्य. पण याचं उत्तर खटला गावाजवळ ठेवणं हे नाही. भत्ता त्याच दिवशी हातात द्या, किमान मजुरीपेक्षा कमी नको, राहायची जागा द्या, एका साक्षीदाराची साक्ष सुरू झाली की ती संपवूनच त्याला सोडा, "पुढची तारीख" नको. ॲट्रॉसिटीच्या नियमांत तीन दिवसांत पैसे देण्याची मुदत लिहिलेली आहेच, ती सगळ्या खुनाच्या खटल्यांना का नको?

दुसरा आक्षेप गावाच्या बदनामीचा, तो मला अजिबात मान्य नाही. "आपापसात मिटवून घ्या, गावाचं नाव खराब होतं" हे वाक्य बोलणारी माणसं वाईट असतात असं नाही, बऱ्याचदा ती गावातली शहाणीसुरती, चार लोकांत मान असलेली माणसं असतात. २००७ पासून आपण तंटामुक्तीला सरकारी बक्षिसं दिली, बांधाचे, भावाभावाचे वाद मिटले, ते चांगलंच झालं. पण मिटवायची सवय लागली की ती कुठं थांबवायची हे गावाला कुणी सांगितलं नाही. बांधावरच्या हाणामारीला आणि पोरीच्या खुनाला एकच "समजुतीनं घ्या" लावलं जातं, आणि ज्याचं माणूस गेलं त्यानंच समजून घ्यायचं असतं, कधी आरोपीच्या घरच्यांनी समजून घेतलेलं ऐकलंय का?

पोलीस पाटील हे पद मला या सगळ्यात कळीचं वाटतं आणि त्याच्यावर कुणीच बोलत नाही. १९६७ चा कायदा आहे, गावातल्या गुन्ह्याची खबर द्यायची, पुरावा हलू द्यायचा नाही हे त्याचं कामच आहे. पण तोही त्याच गावचा, त्याच भावकीतला, तुटपुंजं मानधन, आणि त्यालाही संध्याकाळी त्याच पारावरून घरी जायचंय. खुनाच्या केसमध्ये त्याची पहिली खबर थेट तालुक्याच्या बाहेरच्या अधिकाऱ्याकडं, लेखी, वेळ टाकून गेली पाहिजे आणि तो स्वतः साक्षीदार असेल तर त्यालाही बाकीच्यांसारखंच संरक्षण पाहिजे. त्र्यंबक, पेठ, सुरगाण्याच्या पाड्यांवर तर पोलिस स्टेशन लांब, डाकीण ठरवून बाईला मारहाण करण्याचे प्रकार आजही कानावर येतात, तिथं पहिली खबर देणारा तोच एकटा माणूस असतो. निदान या तीन तालुक्यांपासून सुरुवात करा, जिल्ह्याच्या साक्षीदार समितीनं वर्षाला किती अर्ज आले, किती मंजूर झाले, किती साक्षीदार कोर्टात टिकले आणि किती फितूर झाले हे आकडे नावं न देता जाहीर करावेत, म्हणजे योजना चालते की नुसती फायलीत आहे हे आपल्याला विचारता तरी येईल.